रॉड सर्लिंग 'ट्वायलाइट झोन'कडे वळला, ती माघारच होती

रानवाटा:
अमेरिकन टीव्हीचा लेखक रॉड सर्लिंग म्हटलं की सगळे 'द ट्वायलाइट झोन' या अद्भुत आणि विज्ञानकथांच्या मालिकेचंच कौतुक करतात. मला त्याची खरी ताकद त्याआधीच्या टीव्ही-नाटकांत दिसते. 'पॅटर्न्स' जानेवारी १९५५ मध्ये थेट प्रक्षेपित झालं आणि इतकं गाजलं की महिन्याभरात पुन्हा थेट सादर करावं लागलं. पुढच्या वर्षी 'रिक्वीम फॉर अ हेवीवेट' : एक संपत आलेला मुष्टियोद्धा, बस्स. आणि १९५९ मध्ये हाच माणूस परग्रहवासीयांकडे वळतो! मालिका सुरू व्हायच्या तोंडावर पत्रकार माइक वॉलेसला दिलेल्या मुलाखतीत त्याने मान्यही केलं की टीव्हीवर सामाजिक प्रश्नांना हात घालणं आता सोडतोय.

निशाचर:
अजिबात पटलं नाही. हात घालू कोण देत होतं? १९५५ मध्ये मिसिसिपीत एमेट टिल या १४ वर्षांच्या काळ्या मुलाचा खून झाला, आरोपी निर्दोष सुटले. त्यावरून सर्लिंगने 'नून ऑन डूम्सडे' लिहिलं. प्रायोजक यू. एस. स्टील. पडद्यावर येईपर्यंत गाव न्यू इंग्लंडमधलं झालं, बळी गेलेला कुणीतरी परदेशी. सेटवरच्या कोका-कोलाच्या बाटल्यासुद्धा काढायला लावल्या, का तर त्या पाहून मिसिसिपीसारखी दक्षिणेकडची राज्यं आठवतात! आता 'ट्वायलाइट झोन'चा १९६० मधला 'द मॉन्स्टर्स आर ड्यू ऑन मेपल स्ट्रीट' हा भाग पाहा. वीज जाते, एकाची गाडी आपोआप सुरू होते, आणि तेवढ्या संशयावरून शेजारी शेजाऱ्याच्या जिवावर उठतो. यातलं एक अक्षरही प्रायोजकाला खोडता आलं नाही.

रानवाटा:
खोडावंसं वाटलंच नाही, हेच माझं दुखणं आहे. त्या गल्लीत एकही काळा माणूस नाही. मिसिसिपीतला प्रेक्षक तो भाग आवडीने बघून शांत झोपू शकत होता. टिलला न्याय हवा होता, रूपक नव्हे.

निशाचर:
त्याच वर्षीच्या 'द बिग टॉल विश' या भागात बहुतेक सगळे नट काळे आहेत. १९६० च्या टीव्हीवर हे किती दुर्मिळ होतं! आणि 'डेथ्स-हेड रीव्हिजिटेड'मध्ये तर नाझींच्या डाखाऊ छळछावणीचं थेट नाव घेतलंय.

पानगळ:
दोघांच्याही बोलण्यातून निर्माता सर्लिंग सुटतोय. 'ट्वायलाइट झोन'च्या १५६ भागांपैकी ९२ त्याने स्वतः लिहिले, शिवाय निर्मितीचा शेवटचा शब्दही त्याचाच. हा अधिकार मला कथाप्रकारापेक्षा मोलाचा वाटतो. पुढे 'नाइट गॅलरी' या मालिकेत निर्मितीची सूत्रं जॅक लेअर्डकडे होती. दर भागाच्या सुरुवातीला पडद्यावर चेहरा सर्लिंगचा, पण त्याच्याच काही संहिता तिथे नाकारल्या गेल्या. माघार शोधायचीच असेल तर तिथे शोधा. १९५९ मध्ये तो पहिल्यांदा स्वतःच्या जागेवर उभा होता.

रानवाटा:
अधिकाराचा मुद्दा मान्य. पण तो हाती आल्यावरही टिलची गोष्ट त्याने नाव घेऊन सांगितली नाही, हे मला खुपतंच.