लिंबू-नारळाचं आइस्क्रीम दगड झालं, काय चुकलं?

विजापूररोडची_सून
नमस्कार. इथं पारा ४२ च्या पुढं गेलाय, म्हटलं विकतचं कशाला, नारळाच्या दुधात लिंबू पिळून घरीच आइस्क्रीम लावू. दोन नारळांचं दूध, चार लिंबं आणि साखर जेमतेम अर्धी वाटी, कारण सासऱ्यांना शुगर आहे. सगळं मिक्सरला फिरवून रात्रभर फ्रीझरला ठेवलं. सकाळी दगड! काढताना स्टीलचा चमचा वाकला. वर पांढरे कण, खाल्लं की टाळूला मेण चिकटल्यासारखं. शुक्रवारी नणंद मुलांना घेऊन येतेय. मशीन नाही, साधा फ्रीज आहे. काय करू?

पेठेतला_पोरगा
फोडून सरबतात टाका ताई, बर्फ वाचेल 😄

निवृत्त_सुगरण
त्याचं ऐकू नका. साखर कमी केलीत तिथंच घोळ झाला बघा. ती नुसती गोडीसाठी नसते. साखर विरघळलेलं पाणी शून्यावर सगळंच्या सगळं गोठत नाही, म्हणून तर चमचा आत जातो. अर्धा लिटर दुधाला १५० ग्रॅम तरी घाला. चाखताना जास्तच गोड लागायला हवं, कारण गार झाल्यावर गोडी कमी जाणवते. सासऱ्यांना दोन चमचेच द्या, पण त्यांच्यापायी सगळ्यांचं बिघडवू नका.

ते कण म्हणजे नारळाचं तेल. थंडीत बाटलीतलं खोबरेल गोठतं ना, तेच. आता असं करा. खोवलेला नारळ कोमट पाण्यात वाटून पिळा, पहिलं दाट दूध बाजूला ठेवा. दोन्ही वेळचं मिळून अर्धा लिटरच काढा, पाणी वाढवायचा मोह नको. पातळ दुधात साखर आणि मोठा चमचाभर कॉर्नफ्लोअर कालवून शिजवा, खिरीसारखं जरा आळू द्या. उतरवून दाट दूध घाला आणि कोमट असतानाच मिक्सरला फिरवा, म्हणजे तेल सुटत नाही. लिंबू सगळं पूर्ण गार झाल्यावर. गरम असताना पिळलंत तर कॉर्नफ्लोअरचा घट्टपणा जातो.

होटगीरोडकर
लिंबं महाग झालीत, मोसंबी चालेल का?

निवृत्त_सुगरण
चालेल, पण एकटी मोसंबी फिक्की लागते. एक लिंबू हवंच. आणि रस काढला की लगेच वापरा, मोसंबीचा रस ठेवला की कडवट होतो.

तीन_मुलांची_आई
माझी भर: रस घालायच्या आधी लिंबाची साल बारीक किसून चमचाभर साखरेत बोटांनी चोळा. साखर ओलसर पिवळी होते आणि सगळा वास तिच्यात उतरतो. निम्मी चव सालीतच असते. फक्त हिरवं-पिवळंच किसा, आतलं पांढरं कडू. डबा उथळ घ्या, कडा गोठायला लागल्या की दर पाऊण तासानं काट्यानं ढवळा, तीन-चार वेळा.

पेठेतला_पोरगा
आणि मधेच लाइट गेली की?

तीन_मुलांची_आई
गेली तर फ्रीझर उघडून बघत बसायचं नाही. वितळून परत गोठलं तर खडे होतात, मग तुकडे करून मिक्सरला फिरवायचं आणि पुन्हा लावायचं.

होटगीरोडकर
लाइटीची भानगडच नको असेल तर पॉट करा. तीन वाट्या बर्फाला एक वाटी खडे मीठ, मधे झाकणाचा स्टीलचा डबा, आणि पोरांना फिरवायला बसवा. मीठ-बर्फ शून्याच्या बरंच खाली जातं. अर्ध्या तासात दुपारचा दंगाही थांबतो.

विजापूररोडची_सून
शनिवार सकाळ. तुमच्या पद्धतीनं लावलं काकू, साखर मोजून १५० ग्रॅम. साल किसताना थोडं पांढरं गेलंच, शेवटी जिभेवर किंचित कडू येतं. पण मेण नाही, आणि चमचा सरळ आहे. सासऱ्यांनी दोन चमच्यांचे चार केले. सासूबाई इथं नाहीत म्हणून लिहितेय.

निवृत्त_सुगरण
कशावरून नाहीत? 🙂