गुडघ्याचा बाक मोजायला द्रव धातू की ऑप्टिकल फायबर?

सोल्डरवाला_कराड

नमस्कार मंडळी. कराडात माझं टीव्ही-लॅपटॉप दुरुस्तीचं दुकान आहे. आईचा उजवा गुडघा बदलून तीन आठवडे झाले. फिजिओ मॅडम आठवड्यातून दोनदा येऊन कोनमापक लावतात. मधल्या दिवसांत आई व्यायाम करते की नुसतीच 'केला रे' म्हणते, ते तिचं तिला ठाऊक. म्हणून म्हटलं, बाक मोजणारा पट्टा आपणच बनवू.

लॅपटॉपच्या प्रोसेसरवर लावायचा लिक्विड मेटल दुकानात पडून होता, एक ग्रॅमची सिरिंज. (त्याचा एक थेंब एकदा ॲल्युमिनियमच्या हीटसिंकवर सांडला होता. दोन दिवसांनी तो हीटसिंक खारी बिस्किटासारखा हातात तुटला. गिऱ्हाइकाला नवा बसवून दिला, तेव्हापासून सिरिंज कपाटात.) आतून अर्धा मिलिमीटर रुंद अशी सिलिकॉनची नळी मागवली, २० सेंटिमीटर कापली, एका टोकाला रिकामी सिरिंज लावून खेचत दुसऱ्या टोकाने धातू भरला. चारचौघांसारखी दोन टोकांना वायर घातली, वरून सोल्डरचा थेंब, मग सिलिकॉन सीलंट. नळी दुमडून जुन्या नी-कॅपवर शिवली, बरोबर वाटीवर.

आता मीटर लावला तर पाय सरळ असताना ०.७ ओहम, वाकवल्यावर ०.९. तेही आकडे नाचतात. पिना एकमेकींना टेकवल्या तरी मीटर ०.४ दाखवतो! त्यात तिसऱ्या दिवशी एका टोकाचं सोल्डर ओल्या कणकेसारखं झालं.

भाचा इंजिनिअरिंगला आहे. तो म्हणतो, 'मामा, हे सोडा. ऑप्टिकल फायबर सेन्सर लावा, त्यात गडबडच नसते.' खरंय का? आणि आई विचारतेय, 'नळीत पारा तर नाही ना?' तिला काय सांगू?

साधंसोपं

दादा, फोन नडगीला बांधा, त्यातलं लेव्हलचं ॲप उघडा. झालं काम. गुडघ्याभोवती धातूची नळी कशाला?

सोल्डरवाला_कराड

बांधला होता. आईनं तो सोडून त्यावर मावशीला व्हिडिओ कॉल लावला.

पुलाखालची_फायबर

मी पुलांवर फायबर सेन्सर बसवण्याचं काम करतो, म्हणून भाच्याच्या बाजूने बोलायला हवं होतं. पण नाही बोलणार.

आम्ही वापरतो ती ग्रेटिंगवाली फायबर, एफबीजी. काचेच्या तंतूत लेसरने बारीक रेघांची जाळी कोरलेली असते. ती एकाच विशिष्ट तरंगलांबीचा प्रकाश परत फेकते, समजा १५५० नॅनोमीटर. तंतू ताणला की ही तरंगलांबी सरकते, दर मायक्रोस्ट्रेनला साधारण १.२ पिकोमीटर. मायक्रोस्ट्रेन म्हणजे एक मीटर तंतू एक मायक्रॉनने लांबणं. आता तुमचा गुडघा घ्या. पायावर पेनाने दहा सेंटिमीटर अंतरावर दोन ठिपके काढा आणि पाय वाकवा. ठिपके तेरा सेंटिमीटरवर जातील. काचेच्या तंतूला मी त्याच दहा सेंटिमीटरमध्ये एक मिलिमीटरसुद्धा भीत भीत ताणतो. तुम्हाला तीस हवेत.

शिवाय 'गडबड नसते' हे भाच्याने कुठल्या तरी जाहिरातीत वाचलं असावं. विजेची गडबड नसते, हे खरं. म्हणूनच ट्रान्सफॉर्मरच्या गुंडाळीत, एमआरआयच्या खोलीत फायबरला तोड नाही, आणि पुलावर एकाच तंतूवर ओळीने कितीतरी ठिकाणं मोजता येतात. पण तंतूला उष्णताही कळते. एक अंश तापमान वाढलं की सुमारे १० पिकोमीटर सरकतं, म्हणजे आठ मायक्रोस्ट्रेनइतकं. माझ्या पहिल्याच कामात मी तापमानाची वेगळी ग्रेटिंग लावली नव्हती. दुपारी दोनला, पुलावर कुत्रंही नसताना, स्क्रीनवर असा ताण दिसत होता की वाटावं ट्रकांची रांग उभी आहे. साहेबांनी फोनवर जे ऐकवलं ते इथे लिहीत नाही. आता ताणाच्या ग्रेटिंगशेजारी एक सैल ग्रेटिंग नळीत ठेवतो. ती फक्त ऊन मोजते.

वर ते सरकणं वाचणारं यंत्र माझ्या मोटरसायकलपेक्षा महाग आहे.

फायबरच हवी असेल तर प्लास्टिकची घ्या, एक मिलिमीटर जाडीची. एका बाजूने बारीक चरे पाडायचे, एका टोकाला लाल एलईडी, दुसऱ्या टोकाला उजेड मोजणारा फोटोडायोड. वाकली की चऱ्यांतून उजेड गळतो. १९८० च्या दशकातल्या व्हीपीएलच्या डेटाग्लोव्हमध्ये बोटांचा बाक याच युक्तीने मोजायचे. पण ती पुन्हा पुन्हा वाकवून थकते, आणि चरे कसे पडलेत त्यावर सगळं अवलंबून.

गॅलियमवाली

सोल्डरवाले दादा, तुमचा सेन्सर बिघडलेला नाही. मीटर चुकीच्या जागी लावताय.

या मिश्रधातूचा रेझिस्टन्स, म्हणजे विजेला होणारा अडथळा, तांब्याच्या सतरा पट वगैरे असतो, तरी तो धातूच. तुमच्या मापाची नळी म्हणजे जेमतेम ०.३ ओहम. पिनांचेच ०.४, म्हणजे आवाजापेक्षा बडबड जास्त. दहाचे तेरा सेंटिमीटर झाले की नळी लांबते तशी आतून बारीकही होते, म्हणून रेझिस्टन्स १.३ च्या वर्गाने, १.६९ पट वाढतो. ०.३ चे ०.५. तुमच्या मीटरने हेच दाखवलंय, पिनांचा कचरा वजा करून बघा!

चार वायरींनी मोजा. दुकानात एलएम३१७ ही रेग्युलेटर चिप असेलच. १२ ओहमचा रेझिस्टर लावून साधारण १०० मिलिअँपिअरचा स्थिर प्रवाह दोन वायरींनी नळीतून सोडा. नळीच्या टोकांवरून वेगळ्या दोन वायरींनी व्होल्टेज घ्या, मीटर २०० मिलिव्होल्टवर. तीस ते पन्नास मिलिव्होल्ट मिळतील आणि पिनांचा रेझिस्टन्स हिशेबातून निघून जाईल.

सोल्डर विसरा. त्यातलं कथील नळीतल्या गॅलियममध्ये विरघळतं. टोकाला स्टेनलेस स्टीलची इंजेक्शनची सुई, तीही नीट बसवलेली. आणि मॅडम असताना ०, ३०, ६०, ९० अंशांना आकडे लिहून घ्या, सरळ रेषा येणार नाही.

आईंना सांगा, पारा नाही. गॅलियम, इंडियम आणि कथील आहे. पाऱ्यासारखी वाफ होत नाही. पण त्यांची शंका भलती नाही हं. १९५३ मध्ये व्हिटनी नावाच्या संशोधकाने हातापायांतला रक्तप्रवाह मोजायला रबराच्या नळीत पाराच भरला होता. तुम्ही बनवलाय तो त्याचाच नातू. टाक्यांपासून मात्र दूर ठेवा, आणि फिजिओ मॅडमना आधी विचारा.

सोल्डरवाला_कराड

ताई, साष्टांग! मॅडमनी टाके दाखवून 'इथून वर' म्हणत पट्टा बोटभर सरकवला. पाय सरळ असताना ३१ मिलिव्होल्ट, ९० अंशांना ५१. मीटर आता गप्प बसतो. पिना टेकवून ०.४ दाखवायची वर्षभराची सवय होती, कधी विचारच केला नाही.

त्या पुलाच्या गोष्टीवर भाचा गप्प झालाय. प्लास्टिकच्या फायबरवर चरे पाडतोय.

आईला आकडा कळत नाही. पण तिने सुनेला मीटरवर पन्नास आला की ओरडायला सांगितलंय. काल संध्याकाळी एकदा ओरड ऐकू आली. नी-कॅप चालताना खाली घसरते, त्याला आतून नाडी शिवतोय.