मूर मॅरियट : हार्बॉटलने नट खाल्ला का?

कृष्णधवल : विल हे या ब्रिटिश विनोदवीराच्या ‘ओह, मिस्टर पोर्टर!’मध्ये (१९३७) नवा स्टेशनमास्तर तिकिटाची खिडकी ठोठावतो. झडप उघडते, पांढरी दाढी बाहेर डोकावते, ‘पुढची गाडी गेली!’ म्हणते आणि झडप धाडकन बंद. बोळकं तोंड, कापरा आवाज. हा म्हातारा हार्बॉटल ऐंशीच्या घरातला वाटतो. तो साकारणारा नट मूर मॅरियट तेव्हा ५२चाही नव्हता, विल हेपेक्षा जेमतेम तीन वर्षांनी मोठा! १९२८च्या मूकपटात हाच माणूस गिऱ्हाइकांचे गळे कापणारा न्हावी स्वीनी टॉड होता, तोही मुख्य भूमिकेत. त्या दाढीने चांगला नट वाया घालवला, असं मला मनापासून वाटतं.

रूळावरचा : साफ असहमत. तो न्हावी आज कुणाच्या लक्षात आहे? अधिकार गाजवणारा अडाणी विल हे, उर्मट जाडा पोरगा ग्रॅहम मॉफॅट आणि मधे हा म्हातारा, या तिघांत एकही फालतू नाही. ‘आस्क अ पोलिसमन’ (१९३९) बघा. त्यात मॅरियट हार्बॉटलही आहे आणि हार्बॉटलचा बापही! म्हाताऱ्याहून म्हातारा उभा करायचा आणि दोघं वेगळे वाटले पाहिजेत. याला वाया जाणं म्हणत नाहीत.

कृष्णधवल : कसब मान्यच आहे. माझी तक्रार इतरांनी त्याला काय दिलं याबद्दल आहे. विल हे १९४०नंतर मॅरियट-मॉफॅटला सोडून ईलिंग स्टुडिओत गेला. मग ‘मिलियन्स लाइक अस’मध्ये (१९४३) मॅरियट युद्धकाळातल्या साध्या घरातला बाप झाला. ‘ग्रीन फॉर डेंजर’मध्ये (१९४६) तो पोस्टमन आहे, शस्त्रक्रियेच्या टेबलावरच मरतो आणि सगळं रहस्य तिथून सुरू होतं. अशी कामं आधीच मिळायला हवी होती. १९४९मध्ये तो गेलाच.

सांजसकाळ : पण त्या पोस्टमनचं मरण मला लागलं ते हार्बॉटलमुळेच. इतकी वर्षं हसवलेला चेहरा टेबलावर निपचित पडलेला बघवत नाही. अनोळखी नट असता तर मी सरळ खुनी शोधायला लागले असते.

कृष्णधवल : सांजसकाळ, हे मी कधी असं पाहिलं नव्हतं. तरीही मोठ्या भूमिकेबद्दलचं माझं म्हणणं सोडत नाही. बोलपटात एकदा तरी बिनदाढीचा मॅरियट मध्यभागी हवा होता.