४०७ वरची घरगाडी : मागच्या जोडीतल्या आतल्या टायरची हवा तुम्ही कशी बघता?

छापखानावाले_काका

नमस्कार मंडळी. प्रश्न लांबलचक आहे, चहा घेऊन बसा.

नारायण पेठेतला छापखाना तीन वर्षांपूर्वी बंद केला. यंत्रं विकून जे आलं त्यातून एक जुनी टाटा ४०७ (छोटा ट्रक, मागं दोन्ही बाजूंना दोन-दोन टायरांची जोडी) घेतली आणि भोसरीत तिच्यावर घर बांधून घेतलं. दोन माणसांचा पलंग, ओटा, २०० लिटरची पाण्याची टाकी, दोन बॅटऱ्या आणि आमच्या हिच्या हट्टाखातर लोणच्याच्या बरण्यांसाठी खणाखणांचं कपाट. नात तिला ‘घरगाडी’ म्हणते, तेच नाव पडलं.

परवा दिवेआगरला निघालो. पिरंगुट, पौड, मुळशी, सगळं मजेत. ताम्हिणी उतरताना जळक्या रबराचा वास आला. मला वाटलं ब्रेक तापलेत. घाटात ब्रेक तापायचेच, म्हणून विळ्याला थांबून चारी बाजूंनी फेरी मारली. मागची चाकं बघितली, बाहेरचे दोन्ही टायर टणक. निघालो. माणगावात शिरताना वास असह्य झाला, म्हणून पंक्चरवाल्याकडे गाडी लावली. त्या पोरानं डावं मागचं बाहेरचं चाक काढलं आणि मला बोलावलं. आतल्या टायरमध्ये हवा शून्य. टायर उतरवला तर ट्यूब नव्हतीच, मूठभर काळा भुगा होता. तो म्हणाला, “काका, हा मुळशीच्या आधीच मेलाय. तुम्ही प्रेत फिरवताय.”

कारण सापडलं. पुण्यात एका दुकानात आतल्या नोझलला रबरी लांब नळी जोडून घेतली होती, हवा बाहेरून भरता यावी म्हणून. ती रिमच्या भोकाच्या कडेला घासून घासून फाटली होती. म्हणजे जी गोष्ट हवा बघायला लावली, तिनंच हवा घालवली.

आता विचारायचं ते असं. रबरी नळी नको तर मग काय? दर वेळी बाहेरचं चाक काढायचं? आणि मुळात हवा किती ठेवायची? पंक्चरवाले सरसकट ९५-१०० पाउंड ठोकतात. तेवढ्या हवेला गाडी अशी उडते की कपाटातली एक बरणी फुटली आणि तीन दिवस घरात मोहरीचा वास होता. शिवाय एकच नवा टायर घेतला तर चालेल का? बाहेरचा अर्धा झिजलाय, पण दिसायला बरा आहे.

टेम्पो_चाकण_रोड

काका टॉमी (लोखंडी दांडा) ठेवा जवळ. प्रत्येक थांब्याला सहाही टायरवर एक एक हाणायची. ठण् वाजलं तर हवा आहे, भद् वाजलं तर उतरा. बारा वर्षं तेच करतोय, बाकी कशाची गरज नाही.

दापोडी_निवृत्त

काका, मी एसटीच्या दापोडीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालो. आयुष्य जोडचाकांपुढे उकिडवं बसण्यात गेलं, तेव्हा जरा सविस्तर लिहितो.

टेम्पोवाल्या दादांचं चुकीचं नाही. टॉमीनं पूर्ण बसलेला टायर कळतो आणि दोन टायरमध्ये अडकलेला दगडही त्याच वेळी दिसतो. (तो काढाच. तो बाजूची भिंत खातो, नाहीतर मागून येणाऱ्या स्कूटरवाल्यावर उडतो.) पण ७५ आणि ५५ मधला फरक टॉमीला कळत नाही. माझ्या कानाला तरी कधी कळला नाही, आणि आमच्याकडे स्वतःच्या कानाची बढाई मारणारे पुष्कळ होते. टायर मरतो तो त्या ५५ वर. ठरलेल्या हवेपेक्षा वीस टक्के कमी असेल तर तो टायर ‘बसलेला’च समजायचा, दिसायला कसाही असो.

एकेरी चाकात हवा कमी झाली की गाडी सांगते. स्टिअरिंग ओढतं, टायर फुगवटा दाखवतो. जोडीत आतला बसला तर बाहेरचा त्याचं ओझं मुकाट उचलतो आणि तुम्हाला बाहेरचाच दिसतो. त्यात आतल्याचे हाल आधीच जास्त. शेजारी ब्रेकचा ड्रम, वारा लागत नाही, घाटात ड्रम तापला की ती धग रिममधून त्याला. शिवाय आपले गावाकडचे अरुंद डांबरी रस्ते मध्ये उंच आणि कडेला उतरते. त्यावर मधोमध गाडी चालवली की दोन्ही बाजूंचे आतले टायर उंचवट्यावर येतात आणि जास्त दाबले जातात. तुम्हाला वास आला तेव्हा ब्रेकवर संशय घेणं साहजिक होतं, पण विळ्याला थांबलात तेव्हा हात लावायला हवा होता. टेकवायचा नाही, हाताची मागची बाजू जवळ न्यायची. जोडीतला एक दुसऱ्यापेक्षा स्पष्ट जास्त तापलेला असेल तर तिथंच चाक काढा.

रबरी नळी फेका. आतल्या चाकाला ट्यूबचंच लांब, वाकवलेलं पितळी नोझल मिळतं. ते बाहेरच्या रिमच्या भोकातून बाहेर येतं आणि हलत नाही. चाक चढवताना दोन नोझलं समोरासमोर, म्हणजे एक वर असेल तर दुसरं खाली, अशी येऊ द्या. आतल्याला तोंड एका भोकातून, बाहेरच्याला दुसऱ्यातून. पंक्चरवाले घाईत दोन्ही एकाच भोकात आणतात, मग ना गेज बसत ना पंप. तिथं उभं राहून करून घ्या, लाजू नका. आणि दोन तोंडांचं गेज घ्या, ट्रकवाल्यांचं. त्याचं एक तोंड पुढे आणि एक मागे वळलेलं असतं. आतल्याचं नोझल तुमच्याकडे बघतं आणि बाहेरच्याचं पाठ करून असतं, म्हणून दोन तोंडं. निगडीच्या ट्रान्सपोर्टनगरीत विचारा.

जोडीतल्या दोघांत ५ पाउंडांपेक्षा जास्त फरक ठेवू नका.

टायरचं म्हणाल तर एकच नवा घेऊ नका. तुमच्या बाहेरच्याचं रबर ४ मिलिमीटर उरलं असेल आणि नव्याचं १२ असेल, तर व्यासात १६ मिलिमीटरांचा फरक पडतो. चालतो फक्त पाव इंच, म्हणजे ६. दोघं एकाच हबला बांधलेले, एका फेऱ्यात मोठा ५ सेंटिमीटर जास्त जाणार. ४०७ चं चाक किलोमीटरला साधारण ४०० फेरे घेतं. म्हणजे हिशेबानं दर किलोमीटरला २० मीटर कोणीतरी घासत जायचं. वर मोठा टायर जास्त ओझं घेतो ते वेगळंच. सुतळीनं दोघांचा घेर मोजा, फरक पाऊण इंचाच्या आत हवा. थोडा फरक असेलच तर मोठा बाहेर, लहान आत. ते मधे उंच रस्त्याचं सांगितलं ना, त्यासाठी.

आणि तो बाहेरचा टायर, ज्यानं मुळशीपासून माणगावपर्यंत दोघांचं ओझं वाहिलं, तो उतरवून आतून बघितलात का? दिसायला बरा आहे म्हणता, म्हणून विचारतोय.

हवा किती ते मी सांगणार नाही. गाडी वजनकाट्यावर घाला, मग बोलू.

छापखानावाले_काका

दापोडीकर, दंडवत. तुमचं जोडीचं वाचून मला आमचे रोलर आठवले. शाईचे दोन रोलर समान दाबाला नसले की एकच झिजतो आणि छपाई मात्र बराच काळ ठीक येते. ती बिघडेपर्यंत रोलर गेलेला असतो. चाळीस वर्षं हेच पोरांना शिकवलं आणि स्वतःच्या गाडीला लावलं नाही.

बाहेरचा टायर उतरवला. आत बाजूच्या भिंतीला सुरकुत्यांसारखा गोल पट्टा उमटलाय. पंक्चरवाला म्हणाला चालेल. मी म्हटलं चालेल, पण माझ्याखाली नाही.

मार्केट यार्डाजवळच्या काट्यावर गाडी घातली. टाकी भरलेली, डिझेल भरलेलं, आम्ही दोघं आत. (काटेवाल्यानं विचारलं, “माल काय?” ही म्हणाली, “संसार.”) एकूण ५१४० किलो. नुसती पुढची चाकं १६८०. म्हणजे मागं ३४६०. मग त्याला शंभर रुपये जास्त देऊन फक्त डावी मागची जोडी वर घेतली : १८५०. उजवीकडे १६१० उरतात. टाकी आणि ओटा दोन्ही डावीकडे बांधलेत, तेव्हा कोणाला सुचलं नाही.

टायरवर १२१/१२० असं लिहिलंय. ते काय?

वेदा_कोथरूड

काका, तो भार-निर्देशांक. १२१ म्हणजे टायर एकटा असेल तर १४५० किलो, १२० म्हणजे जोडीत १४००. जोडीत कमी, कारण दोघं कधीच अगदी सारखं उचलत नाहीत. तुमच्या डाव्या जोडीवर १८५० म्हणजे दर टायरला ९२५. जोडी धड असेल तर भरपूर वाव आहे. पण आतला बसल्यावर बाहेरच्या एकट्यावर १८५० आले, त्याच्या हद्दीपेक्षा ४०० किलो जास्त. तुम्ही तो काढलात ते उत्तम.

टायरवर छापलेला सगळ्यात मोठा दाब हा पूर्ण भाराचा असतो. टायरच्या कंपनीचा भार आणि दाब यांचा तक्ता असतो, विक्रेत्याकडून मागून घ्या. त्यात जोडीचा वेगळा रकाना बघा, एकेरीचा नाही. डावीकडे जास्त वजन म्हणून डावीकडे जास्त हवा असं करू नका. एका आसावरचे चारही टायर जड बाजूच्या हिशेबानं, सारखे.

आमची पण अशीच सहाचाकी आहे. मी नोझलवर टोपीसारखे बसणारे हवेच्या दाबाचे सेन्सर लावलेत, सहा. पितळी नोझलवरच लावा. रबरी नळीच्या टोकाला सेन्सरचं वजन आलं की ती अजून लवकर फाटते. आतल्या मागच्यांचा सिग्नल रिम आणि लोखंडी सांगाडा अडवतो. मला मागे एक रिपीटर (सिग्नल पुढे पोचवणारी डबी) बसवावा लागला, त्याआधी डिस्प्लेवर आतले दोघं सारखे गायब व्हायचे. इशाऱ्याचा आकडा कारखान्याहून आलेला ठेवू नका, स्वतः टाका. मोजणी नेहमी थंड टायरची, गाडी निदान तीन तास उभी असताना. मुळशीच्या टपरीवर ७५ चे ८६ दिसले म्हणून हवा सोडायची नाही. दहा अंश पारा बदलला की या दाबाला सुमारे ३ पाउंड बदलतात, म्हणून डिसेंबरच्या पहाटे भरलेली हवा एप्रिलच्या दुपारी जास्त दिसणारच. कोकणात उतरलात की गेज पाऊणएक पाउंड कमी दाखवेल, कारण पुणे ५६० मीटर उंचावर आहे आणि खाली बाहेरची हवा जड. तेवढ्यासाठी काही करू नका.

नायट्रोजनचं कोणी विचारायच्या आत सांगते : साध्या हवेत ७८ टक्के तोच आहे.

दापोडी_निवृत्त

वेदाताईंनी माझं काम हलकं केलं. दोनच गोष्टी राहिल्या. नवी जोडी चढवल्यावर ५०-१०० किलोमीटरांनी नट पुन्हा आवळा. आणि रिम रंगवल्यात का? घरगाडीवाले रंगवतात. दोन रिम जिथं एकमेकींना टेकतात तिथला रंग खरवडून काढा. तो दबतो, सरकतो आणि नट ढिले पडतात.

टेम्पो_चाकण_रोड

एवढं सगळं वाचून मी आज माझी गेजनं बघितली. उजवी आतली ५०. टॉमी ठण् म्हणत होती. बोलत नाही काही.

छापखानावाले_काका

रिम रंगवल्या होत्या. आकाशी. हिनं निवडला होता तो रंग. काल शनिवारी बसून खरवडला, ती बघत होती, काही बोलली नाही.

विक्रेत्यानं तक्ता काढून दिला. ९२५ किलोला जो आकडा आला तो मी समजत होतो त्यापेक्षा बराच खाली. त्यावर थोडी वाढ धरून मागं चारही ७५ आणि पुढं ७० ठेवलेत, थंड. नव्या दोन टायरांची एक जोडी डावीकडे, पितळी नोझलं समोरासमोर. पंक्चरवाल्यानं पहिल्यांदा एकाच भोकात आणली होती. मी दापोडीकरांचं नाव न घेता तेच वाक्य म्हटलं, त्यानं कुरकुरत पुन्हा काढलं. दोन तोंडांचं गेज मिळालं. सेन्सर मागवलेत, इशारा ६५ ला टाकणार. टाकी उजवीकडे हलवायला भोसरीवाल्यानं पाठीच्या कण्यात चमक येईल असा आकडा सांगितलाय, तोवर ती अर्धीच भरतो.

आज सकाळी खंबाटकीच्या पायथ्यापर्यंत जाऊन आलो. शिरवळला चहाला थांबलो तेव्हा चारही मागच्यांना हाताची पाठ लावली, सारखे कोमट. नटही तिथंच आवळले, एक पाव फेरा फिरला. कपाटातलं काही हललं नाही.

एक राहिलं. अर्धवट झिजलेला एक टायर घरी पडलाय, उजव्या जोडीच्या घेराशी अर्ध्या इंचात जुळतो. तो स्टेपनीला ठेवला तर डावीकडे नव्या जोडीत लागायची वेळ आली की काय करायचं? माणगावपर्यंत हळू नेणं ठीक, की तिथंच नवा शोधायचा?