मॉरिशसचे ‘मूळ रहिवासी’

मॉरिशसच्या मूळ रहिवाशांचं गोऱ्यांनी काय केलं, असं एकाने विचारलंय. तिथे मूळ रहिवासी नव्हतेच! १६३८ मध्ये डचांनी वस्ती केली तोवर बेट निर्मनुष्य होतं. ऊस त्यांनीच आणला, मादागास्करहून गुलामही. १७१० मध्ये ते कंटाळून निघून गेले. मग फ्रेंच, आणि १८१० पासून इंग्रज.

मला खरी चीड येते ती १८३५ ची. गुलामगिरी संपली तेव्हा इंग्रज सरकारने भरपाई दिली, सुमारे २० लाख पौंड. कुणाला? मालकांना! गुलामांच्या हाती छदाम नाही. गुलामगिरी संपणार हे दिसताच उसाच्या मळ्यांसाठी भारतातून गिरमिटिये (करारावरचे मजूर) आणणं आधीच सुरू झालं होतं. २ नोव्हेंबर १८३४ ला ‘ॲटलस’ जहाजातून ३६ जण उतरले, पुढे साडेचार लाखांच्या आसपास. पोर्ट लुईच्या धक्क्यावरच्या त्या १६ दगडी पायऱ्या आजही आहेत (आप्रवासी घाट). एक दिवस खाडा झाला की दोन दिवसांची मजुरी कापायची, असा कायदाच होता. पुढे तर फोटो लावलेला परवाना सतत जवळ बाळगावा लागे. नसला की पोलीस धरणार.

यात आपले कोकणातलेही होते, मुंबई बंदरातून गेलेले. त्यांची नातवंडं-पतवंडं घरात क्रिओल (फ्रेंचवरून आलेली तिथली बोली) बोलतात, पण झाकरी (आपलं कोकणातलं जाखडी नृत्य) अजून नाचतात आणि गणेश चतुर्थीला तिथे सरकारी सुट्टी असते.

चागोस या हिंदी महासागरातल्या बेटांचं मात्र वेगळं प्रकरण, त्यावर सवडीने लिहितो.