बानियोनिसला नुसता ‘सोलारिस’वाला म्हणणं अन्यायाचं आहे

विंगेतून:
लिथुआनियन नट दोनातास बानियोनिसचं (१९२४–२०१४) नाव निघालं की गाडी तार्कोव्स्कीच्या १९७२च्या ‘सोलारिस’ या सिनेमापाशी थांबते. अरे, हा माणूस १९४१ साली, वयाच्या सतराव्या वर्षी, लिथुआनियातल्या पानेवेझिसच्या नाटक मंडळीत शिरला. सिनेमात आला १९५९मध्ये. मधली अठरा वर्षं नाटकच! तेही राजधानी विल्न्यूसमध्ये नाही, उत्तरेकडच्या एका बाजूच्या शहरात. तिथे युओझास मिल्तिनिस हा पॅरिसला शार्ल द्युलँकडे शिकून आलेला दिग्दर्शक नट घडवत होता. प्रयोग बघायला मॉस्को-लेनिनग्राडहून माणसं यायची.

सिनेमात तर त्याचा आवाजही गेला. ‘सोलारिस’मध्ये त्याच्या तोंडून बोलतो व्लादिमीर झामान्स्की, १९६८च्या ‘डेड सीझन’ या गाजलेल्या हेरपटात अलेक्सांद्र देम्यानेन्को. आवाज काढून घेतल्यावर नटाचं मोजमाप कसं करायचं?

मॅटिनी:
चेहऱ्यावरून करायचं! आवाज दुसऱ्याचा असूनही ‘सोलारिस’मध्ये मेलेली बायको समोर बसलेली बघताना त्याच्या डोळ्यांत जे चालतं, ते डबिंगवाल्याने आणलंय का? आणि तुम्ही मिल्तिनिसचे प्रयोग पाहिलेत? मीही नाही. नाटक विरून गेलं, सिनेमा हातात आहे. न पाहिलेल्या गोष्टीची आरती ओवाळण्यात काय अर्थ?

विंगेतून:
म्हणजे जे रिळावर नाही ते घडलंच नाही? जर्मन लेखक बोर्शर्टच्या नाटकात युद्धावरून परतलेला, सगळी दारं बंद झालेला बेकमान त्याने केलाय. कॅमेऱ्यापुढे काही न करता उभं राहायची ती हिंमत त्या तालमींतूनच आली असणार.

तिरकस:
दोघंही गैरसोयीचं सोडून बोलताय. १९६६मध्ये कार्लोवी वारीच्या चित्रपट महोत्सवात अभिनयाचं बक्षीस मिळालं ते कशासाठी? युद्धानंतर सोविएत सत्तेशी लढणाऱ्या ‘जंगलबंधूं’ना खलनायक ठरवणाऱ्या सिनेमासाठी. स्वतंत्र लिथुआनियात तेच लोक स्वातंत्र्यसैनिक मानले जातात. पुढे १९७४मध्ये सोविएत संघाचा ‘लोककलावंत’ हा किताब. सरकारी नट होता, एवढं तरी कबूल करा.

मॅटिनी:
किताब होता, नाकारत नाही. पण त्या सिनेमातली त्याची भूमिका बघा: माफी मिळून जंगलातून परतलेला वाइटकुस, ज्याला गावाचा अध्यक्ष व्हायला भाग पाडतात. दोन्हीकडून बंदूक रोखलेली. त्यात प्रचारकी काही असेल तर पटकथेत, त्याच्या खेळात नाही.

तिरकस:
पटकथा वाचूनच सही केली ना त्याने?

विंगेतून:
केली. आणि मिल्तिनिसला १९५४मध्ये त्याच राजवटीने थिएटरातून काढलं, १९५९मध्ये परत घेतलं, हेही त्याच मंडळीतल्या नटांनी पाहिलं. १९८०मध्ये मिल्तिनिसची खुर्ची बानियोनिसकडेच आली, १९८८पर्यंत. मॉस्कोत कायमचं बस्तान बसवता आलं असतं की! हा पानेवेझिसला धरून राहिला. सरकारी म्हणायचं तर म्हणा, पण मग हेही मोजा.