मदत हवी आहे : टार्झनची चावट नक्कल नाटकात केली तर केस होते का जी?

नमस्कार मंडळी, मी वडसा देसाईगंजकडचा, झाडीपट्टीत नाटकं लिहितो. दिवाळीनंतरच्या सीझनसाठी एका मंडळाले टार्झनवर मोठ्या माणसायसाठी कॉमेडी पायजे, म्हंजे हिरो वेल सोडून तेंदूपत्त्याच्या फडीवर (बिडीची पानं गोळा करायच्या जागी) येते अन् पुडे बांधता बांधता मुकादमाच्या बायकोसंग डबल मीनिंग बोलते, असं. लिहाले मजा येऊन रायली पण कायद्याचं टेन्शन आहे.

मी वाचलं ते असं, मूळ लेखक एडगर राइस बरोज १९५० मध्ये वारले, आपल्याकडं लेखक गेल्यावर ६० वर्षं कॉपीराइट राहते म्हंजे २०१० संपता संपता तो गेला. पण नावाचा ट्रेडमार्क वेगळा, अन् तो संपतच नाही जर रिन्यू करत राहिले तर. १९७५ चं बेल्जियमचं 'टारझून' नावाचं मोठ्यांचं कार्टून होतं, त्याच्यावर बरोजच्या वारसांची कंपनी कोर्टात गेली अन् अमेरिकेत त्यायले ते नावच काढा लागलं. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात तर कलम ५२ मध्ये सूट म्हणून टीका, समीक्षा आहे, विडंबन हा शब्दच नाही, मले हे लय चुकीचं वाटते, नकलेशिवाय आपली रंगभूमी हाये कुठं?

तर कोणी वकील असन तर सांगा, पोस्टरवर टार्झन न लिहिता दुसरं नाव ठेवलं तर चालते का? अन् चावट डायलॉगवर अश्लीलतेची केस झाली तर लेखकावर होते का मंडळावर? बुकिंग सुरू व्हायच्या आधी कळलं तर बरं होईन.